वाटप घरात मिटले असेल, तर ते कोर्टासमोर आणा

उल्हासनगर, अंबरनाथ, बदलापूरमधल्या ज्या घरांत वाटपाचा वाद चालू आहे, आणि त्याहूनही ज्या घरांत तो ‘आपसात मिटला’ म्हणतात, त्यांना ही कळकळीची विनंती. पाचशेच्या स्टॅम्पवर लिहून नोटरीचा शिक्का मारलेल्या कागदावर विसंबून राहू नका. दावा चालू असेल तर त्याच दाव्यात तडजोड पुरसीस द्या आणि हुकूमनामा करून घ्या. दावाच नसेल तर दाखलपूर्व प्रकरण म्हणून येत्या राष्ट्रीय लोकअदालतीत जा. नोटरी फार तर सही तुमचीच आहे एवढे पाहील. कोणाचा हिस्सा किती, हे पाहणे त्याचे काम नाही.

हे आत्ताच सांगायचे कारण आहे. फाळणीनंतर लष्करी छावणीच्या बराकींत आलेल्या सिंधी कुटुंबांच्या या वस्तीला १९४९ मध्ये उल्हासनगर हे नाव मिळाले. आज अनेक घरांत सनद आजोबांच्या नावावर, वर चढवलेले मजले नातवांच्या ताब्यात, जिना एकाच्या हिश्श्यात आणि विजेचा मीटर दुसऱ्याच्या नावावर आहे. मे २०२१ मध्ये दोन आठवड्यांच्या आत शहरात दोन इमारतींचे स्लॅब कोसळून माणसे गेली. इमारत धोकादायक ठरली की खाली करण्याची नोटीस येते. पुढे पुनर्विकासाची बोलणी सुरू होतात तेव्हा पहिला प्रश्न असतो, मालक कोण? त्या दिवशी भाऊ एकमेकांच्या तोंडाकडे बघत बसतात. बदलापूर-अंबरनाथच्या गावांत दुखणे तेच, फक्त कागद सातबाराचा. नावे सामाईक आणि गुंठ्याचा भाव वाढलेला. अशात एखादा भाऊ बाकीच्यांना न विचारता बयाणा घेऊन मोकळा होतो.

दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २३, नियम ३ प्रमाणे तडजोड लेखी आणि सह्यांसह लागते. ती कायदेशीर आहे, सह्या राजीखुशीने झाल्या आहेत, अशी खात्री करून न्यायाधीश हुकूमनामा देतात. त्यावर सहसा अपील चालत नाही. कोणी शब्द फिरवला तर नवा दावा लावावा लागत नाही, दरखास्त करता येते. लोकअदालतीच्या निवाड्यालाही हुकूमनाम्याचेच बळ असते, शिवाय भरलेली कोर्ट फी परत मिळते. दावा लढवत नेला तर आधी प्राथमिक हुकूमनामा, मग शेतजमीन असेल तर वाटपासाठी कागद जिल्हाधिकाऱ्यांकडे, मोजणी, हरकती, आणि तोवर पुढची पिढी वारस म्हणून दाव्यात.

बहिणींना वगळून केलेली तडजोड टिकत नाही, हे ठळकपणे सांगतो. वडील मृत्युपत्र न करता गेले असतील, तर त्यांच्या स्वकष्टाच्या मिळकतीत हिंदू घरातली मुलगी १९५६ पासून वारस आहे. वडिलोपार्जित मिळकतीतला तिचा हक्क जन्माने येतो. हा हक्क देणारी कायद्यातली दुरुस्ती लागू झाली त्या दिवशी, ९ सप्टेंबर २००५ ला, वडील हयात असायलाच हवेत असे नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने ११ ऑगस्ट २०२० ला विनीता शर्मा प्रकरणात स्पष्ट केले. ‘ताईला काही नको’ हे भावाने सांगायचे नसते. ताईने स्वतः, समजून-उमजून, न्यायाधीशांसमोर सांगायचे असते. आणि तिला हवे असेल तर तिला द्यायचे असते!

पुरसीस मोघम नको. ‘वरचा मजला धाकट्याला’ एवढ्याने भागत नाही. सिटी सर्वे किंवा गट नंबर, चतुःसीमा, क्षेत्र आणि रंगवलेला नकाशा जोडा. जिना, पाण्याची टाकी, गच्ची, विहिरीवरची पाळी कोणाची, थकलेली घरपट्टी कोण भरणार, रोख रक्कम द्यायची तर कोणत्या तारखेला, हे सगळे लिहा. मुद्रांकाचा खर्च कोणाकडे, तेही. वारसांत अज्ञान मूल असेल तर त्याच्या वतीने तडजोडीला कोर्टाची वेगळी परवानगी काढा. दाव्यात नसलेली मिळकत तडजोडीत घातली तर नोंदणी लागू शकते, म्हणून ते वकिलाला आधीच विचारा. हुकूमनामा हाती आला की तो कपाटात ठेवू नका, फेरफार आणि मिळकत पत्रिकेवर नोंद करून घ्या.

वकिलाची फी परवडत नाही म्हणून थांबू नका. महिलांना उत्पन्नाची अट न लावता मोफत विधी सहाय्य मिळते. तालुका विधी सेवा समितीकडे अर्ज करा किंवा १५१०० वर फोन लावा. जाताना सनद किंवा सातबारा, मृत्यूचे दाखले, सर्व वारसांची यादी आणि तो नोटरीचा कागदही सोबत न्या.