पदर आणि पिना

रांगोळी काढायची म्हणजे चार-चार तास उकिडवं बसायचं. जूचंद्रात हे कुणाला सांगावं लागत नाही. गावाची ओळखच ती. चेहऱ्यातला डोळा भरताना माणूस श्वाससुद्धा जपून सोडतो. आणि गेल्या दिवाळीत एका प्रदर्शनाच्या आयोजकांनी फर्मान काढलं: मुलींनी साडीच नेसायची, आपली संस्कृती दिसली पाहिजे! मुलगे बर्म्युडा घालून बसले. माझ्या भाचीचा पदर सुटला आणि रांगोळीतल्या म्हाताऱ्या कोळ्याचा अर्धा गाल पुसून गेला. "साधा पदर सांभाळता येत नाही?" आयोजक म्हणाले. तिथंच त्यांना झापायला हवं होतं. मी पर्समध्ये पिन शोधत बसले.

संस्कृती म्हणे! कुणाची? माझी आजी मिठागरात जायची. आगरी बाईचं लुगडं गुडघ्यापर्यंत, कासोटा करकचून खोचलेला, डोक्यावर मिठाची पाटी. पोटऱ्या उघड्या, पण कुणाचे डोळे दुखले नाहीत. कसे दुखतील? राबणाऱ्या बाईचे पाय मोकळे असणं सगळ्यांच्याच फायद्याचं होतं. घरात चार पैसे आले, बाई मिठागरातून उठली, तशी लगेच तिच्या पोटऱ्यांची अब्रू झाली. कासोटा गावंढळ ठरला, गोल साडी सभ्य. आता वसई-दिवा गाडीत चढताना एका हातात निऱ्या, दुसऱ्यात दांडा.

लुगड्याची आरती मी ओवाळत नाही. तेही कमरेला आवळूनच नेसायचं. वर्षानुवर्षांच्या त्या काचण्यातून जखम होऊन कर्करोग झाल्याचं वर्ध्याच्या डॉक्टरांनी 2024 मध्ये नोंदवलंय. परकराची नाडी तशीच. माझ्या कमरेवरचा काळा पट्टा आता साबणानं जात नाही.

राज्य सरकारही या आयोजकांचंच भावंड. मार्च 2024 मध्ये शिक्षकांचा पोशाख ठरवला: बाईंना साडी, नाहीतर सलवार-कुर्ता आणि दुपट्टा, गुरुजींना शर्ट-पँट. शर्ट-पँट कुठल्या पेशव्यानं घातली होती हो? सायबाचा वेश करून पुरुष मोकळा, संस्कृतीचं गाठोडं बाईच्या खांद्यावर, तेही पिन लावून. आणि पदर सावरण्यात हात अडकलेली बाई सभेत बोलायला उठली की आधी मागून साडी नीट करते, मग बोलते. तोवर पुढचा वक्ता माईक घेऊन मोकळा.

यंदाही निरोप आलाय: साडी. भाचीनं ट्रॅकपँट धुऊन दोरीवर घातलीय. पिनांचा डबा मी घरीच ठेवणार आहे.