विश्लेषण : फॅन्टाच्या शंभर चवी, पण त्यात संत्रे किती?

नारिंगी रंग, बुडबुडे आणि संत्र्याचा वास. फॅन्टा म्हटले की आपल्याकडे एवढेच आठवते. प्रत्यक्षात जगभरात या एकाच नावाने शंभराहून अधिक चवी विकल्या गेल्या आहेत. द्राक्ष, अननस, लिंबू, कलिंगड, स्ट्रॉबेरी, मेलन, पॅशन फ्रूट, इतकेच काय, रानफुलांचीही! गंमत अशी की ‘ऑरेंज’ ही एकच चवसुद्धा प्रत्येक देशात वेगळी लागते. असे का होते? आणि या सगळ्याचा वरुड-मोर्शीच्या संत्रा बागायतदाराशी काय संबंध?

फॅन्टाचा जन्म कुठे झाला?

फॅन्टाची सुरुवात संत्र्याने झालीच नाही. दुसऱ्या महायुद्धात नाझी जर्मनीतील कोका-कोलाच्या कारखान्याला अमेरिकेतून अर्क मिळणे बंद झाले. कारखाना चालू ठेवायचा तर हाताशी असेल त्यातून काही तरी बनवणे भाग होते. तेथील कारभाराचे प्रमुख मॅक्स काइट यांच्या लोकांनी चीज बनवताना उरणारे पाणी आणि सफरचंदाचा रस काढल्यावर उरणारा चोथा, अशा वस्तूंपासून पेय तयार केले. नाव सुचवण्यासाठी कल्पनाशक्ती वापरा, असे सांगितले गेले. कल्पनाशक्तीसाठी जर्मन शब्द ‘फँटझी’. त्यातून नाव आले फॅन्टा.

आज आपण ओळखतो तो संत्र्याचा फॅन्टा 1955 मध्ये इटलीतील नेपल्समध्ये आला. त्या भागात लिंबूवर्गीय फळांची रेलचेल होती. थोडक्यात, जिथे जे मिळाले त्याचे पेय झाले. चवींच्या या पसाऱ्यामागचे मूळ सूत्र हेच आहे.

इतक्या चवी कशासाठी?

प्रत्येक देशाची जीभ वेगळी असते. स्पेनमध्ये लिंबाचा फॅन्टा घराघरांत चालतो. ब्राझीलमध्ये ग्वाराना या तिथल्या फळाच्या चवीचा आणि द्राक्षाचा फॅन्टा मिळतो. जपानमध्ये द्राक्ष आणि मेलन लोकप्रिय आहेत. रोमानियात एल्डर या झुडपाची फुले लिंबू-साखरेच्या पाण्यात आंबवून घरोघरी ‘सोकाता’ बनवण्याची जुनी पद्धत आहे. कंपनीने तीच चव बाटलीत भरली आणि नाव दिले ‘शोकाता’.

थायलंडची गोष्ट तर आणखी वेगळी. तिथे घराबाहेर, दुकानाबाहेर वास्तुदेवतेची छोटी देवळे असतात. त्यांच्यासमोर स्ट्रॉबेरीच्या लाल फॅन्टाची बाटली झाकण उघडून, वर स्ट्रॉ खोचून ठेवलेली हमखास दिसते. आपल्याकडे नारळ ठेवावा, इतक्या सहजतेने तिथे फॅन्टाचा नैवेद्य दाखवला जातो.

याच्या जोडीला हंगामी चवी येतात. ‘ओळखा पाहू ही कोणती चव’ अशी मोहीम काढून रंगावरूनही काही कळू नये अशी पेये बाजारात आणली जातात. त्यांचा खप तात्पुरता असतो, पण समाजमाध्यमांवर चर्चा होते आणि दुकानातल्या फडताळावर ब्रँडची जागा टिकून राहते.

नवी चव बनवणे किती अवघड?

कारखान्याच्या दृष्टीने फारसे अवघड नाही. कोणत्याही शीतपेयाचा गाभा सारखाच असतो : पाणी, साखर किंवा गोडवा देणारा दुसरा पदार्थ, सायट्रिक आम्ल आणि दाबाखाली विरघळवलेला कार्बन डायऑक्साइड. बदलतो तो अर्क आणि रंग. बाटल्या भरणारे यंत्र तेच राहते. मधे नळ्या आणि टाक्या धुऊन घेतल्या की दुसरी चव सुरू.

संत्र्याच्या वासातला मोठा वाटा सालीतल्या तेलाचा असतो. संत्रे सोलताना डोळ्यात जी बारीक चिळकांडी उडते, तेच हे तेल. त्यात लिमोनिन नावाचे द्रव्य सर्वाधिक असते. पण तेल आणि पाणी एकत्र राहत नाही. ते तरंगून बाटलीच्या गळ्याशी कडे धरू नये म्हणून त्याचे अतिसूक्ष्म थेंब करून त्यांना बाभळीच्या जातीतल्या झाडाच्या डिंकाचे आवरण दिले जाते. पेय किंचित गढूळ, ‘रसासारखे’ दिसते त्यालाही हेच मिश्रण कारणीभूत असते. म्हणजे रसाचा थेंब नसतानाही वास, रंग आणि गढूळपणा या तिन्हींतून संत्र्याचा भास उभा करता येतो.

याचे टोक म्हणजे 2009 मध्ये अमेरिकेत आलेले कोका-कोलाचे ‘फ्रीस्टाइल’ यंत्र. औषधांचे नेमके मोजमाप करणाऱ्या उपकरणांचे तंत्र वापरून ते छोट्या डब्यांतले अर्क थेंबाथेंबाने मिसळते आणि एकाच नळातून शंभराहून अधिक पेये देते. चवींची संख्या हा आता शेतीचा प्रश्न उरलेला नाही, तो मोजमापाचा प्रश्न झाला आहे.

मग एकच ‘ऑरेंज’ देशागणिक वेगळा का?

इथे आवडीनिवडीपेक्षा कायद्याचा हात मोठा आहे. इटलीत संत्र्याच्या नावाने विकल्या जाणाऱ्या पेयात पूर्वी किमान 12 टक्के रस असणे सक्तीचे होते. 2018 पासून तिथे बनणाऱ्या आणि विकल्या जाणाऱ्या पेयांसाठी ही मर्यादा 20 टक्के झाली. अमेरिकेत असे बंधन नाही. तिथला ऑरेंज फॅन्टा रसाशिवायच बनतो. गोडव्यासाठी मक्यापासूनचा पाक आणि रंगासाठी कृत्रिम रंग वापरले जात आले आहेत.

युरोपीय संघात सनसेट यलोसह सहा कृत्रिम रंग वापरल्यास ‘मुलांच्या एकाग्रतेवर आणि वर्तनावर विपरीत परिणाम होऊ शकतो’ अशा आशयाची सूचना 2010 पासून वेष्टनावर छापावी लागते. अशी सूचना छापण्यापेक्षा बहुतेक कंपन्यांनी रंग बदलणे पसंत केले. तिथल्या फॅन्टाला गाजरातही आढळणाऱ्या कॅरोटीनचा रंग असतो. भारतातल्या फॅन्टाच्या बाटलीवर मात्र ‘आयएनएस 110’ हा क्रमांक दिसतो. तो सनसेट यलोचाच.

ब्रिटनने एप्रिल 2018 पासून साखरेच्या प्रमाणानुसार कर लावला. 100 मिलिलिटरमागे 5 ग्रॅमपेक्षा कमी साखर असेल तर कर नाही, त्यावर कर आणि 8 ग्रॅमपासून आणखी जास्त कर. तिथल्या फॅन्टातली साखर लगोलग 5 ग्रॅमच्या खाली आली. नाव तेच, बाटली तीच. पाककृती कराच्या तक्त्याने बदलली.

भारतात काय स्थिती आहे?

1977 मध्ये कोका-कोला भारतातून गेली, तेव्हा नारिंगी पेयाची जागा मुंबईच्या पार्लेच्या गोल्ड स्पॉटने व्यापली. आज चाळिशी ओलांडलेल्या अनेकांच्या लग्नसमारंभांच्या आठवणींत तीच बाटली आहे. 1993 मध्ये कोका-कोला परतली, पार्लेचे ब्रँड तिने विकत घेतले. थम्स अप आणि लिम्का टिकले. गोल्ड स्पॉट मात्र फॅन्टासाठी बाजूला सारला गेला.

आपल्या अन्नसुरक्षा नियमांनुसार फळांचा रस नसलेल्या सोड्याच्या पेयाने ते फळांचे आहे असा समज करून द्यायचा नसतो. रस 5 ते 10 टक्क्यांच्या दरम्यान असेल (लिंबासाठी 2.5 ते 5 टक्के) तर ‘फळांचा रस असलेले कार्बोनेटेड पेय’ असे म्हणता येते. पण रस घालण्याची सक्ती नाही.

2014 मध्ये कर्नाटकातील तुमकुरू येथे पंतप्रधान नरेंद्र मोदी यांनी शीतपेय कंपन्यांना पेयांत 5 टक्के फळांचा रस मिसळण्याचे आवाहन केले होते. 2016 च्या डिसेंबरात मोर्शी तालुक्यात कोका-कोला आणि जैन इरिगेशन यांच्या सहभागातील संत्रा प्रक्रिया प्रकल्पाचे भूमिपूजन झाले. विदर्भात तेव्हा मोठ्या आशा पालवल्या.

विदर्भाच्या संत्र्याचे अडते कुठे?

नागपुरी संत्र्याला 2014 मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले. चवीला ते उत्तम. पण पेय उद्योगाच्या दृष्टीने त्यात दोन अडचणी आहेत. एक म्हणजे बिया. दुसरी अडचण अशी की रस काढून ठेवला की काही वेळाने तो कडवट होतो. रसात हळूहळू तयार होणाऱ्या द्रव्यामुळे हा कडूपणा येतो आणि तो काढायला वेगळी प्रक्रिया लागते. त्यामुळे बाहेरून आलेला तयार, घट्ट रस कंपन्यांना सोयीचा पडतो. दुसरीकडे बांगलादेशाने आयातशुल्क वाढवत नेल्याने निर्यात आटली. मोठी फळे बाजारात जातात. बारीक फळाला भाव नसतो. ज्या फळाचा रसच निघायला हवा, तेच फळ बांधावर टाकावे लागते.

करही मदतीला येत नाही. 22 सप्टेंबर 2025 पासून रस असलेल्या आणि नसलेल्या, दोन्ही प्रकारच्या साखरयुक्त कार्बोनेटेड पेयांवर 40 टक्के जीएसटी आहे. म्हणजे खऱ्या संत्र्याचा 10 टक्के रस घालणारा आणि फक्त वास घालणारा, दोघेही सरकारच्या लेखी सारखेच.

मग काय करायला हवे?

रस घातला की पेय पौष्टिक होते, असे समजण्याचे कारण नाही. 250 मिलिलिटरच्या बाटलीत 10 टक्के म्हणजे जेमतेम 25 मिलिलिटर रस; अर्ध्या संत्र्याएवढा. जागतिक आरोग्य संघटना रसातली साखरही जादा साखरेतच धरते आणि दिवसाला साधारण सहा चमच्यांच्या आत राहणे चांगले, असे सांगते. म्हणून सरसकट ‘रस घाला, कर कमी करा’ ही मागणी अर्धवट आहे. ती शेतकऱ्याच्या नावाने मांडली जाईल आणि सवलत साखरेच्या पाण्याला मिळेल.

कर साखरेच्या ग्रॅमवर ठरला पाहिजे. साखर कमी ठेवून देशी फळाचा ठरावीक वाटा वापरणाऱ्यालाच सवलत मिळावी. रसाचे प्रमाण, मग ते शून्य असले तरी, बाटलीच्या पुढच्या बाजूला, फळाच्या चित्राएवढ्याच ठसठशीत अक्षरांत छापायला लावावे. आणि नागपुरी संत्र्याचा कडवटपणा काढणारी यंत्रणा तसेच कमी बियांची वाणे यांवरचा खर्च हा संत्रा पट्ट्याचा हक्क मानला जावा.

कंपन्या हे करू शकत नाहीत, असे मुळीच नाही. इटलीत रस घालता येतो, ब्रिटनमध्ये साखर कमी करता येते, युरोपात रंग बदलता येतो. तर भारतातही येतो. शंभर चवींचे कौतुक जरूर करावे. पण एकदा बाटली फिरवून मागची बारीक अक्षरे वाचावीत. समोर संत्र्याची फोड आणि मागे संत्र्याचा पत्ताच नसेल, तर तो निव्वळ जिभेचा प्रश्न नाही. वरुडच्या बांधावर सडणाऱ्या फळाचाही आहे.