नसबंदीचा खर्च विम्यावर सोडू नका


पाळीव कुत्र्याचा विमा काढला की नसबंदीचा खर्च सुटतो, हे गेल्या अंकातील पत्रलेखकाचे म्हणणे दिशाभूल करणारे आहे. असा विमा मुख्यतः आजार-अपघातासाठी असतो. ठरवून केलेली नसबंदी सहसा त्यातून वगळलेली असते. अमेरिकेतही जादा हप्ता भरून ‘वेलनेस’ची, म्हणजे नियमित आरोग्य-काळजीची, जोड घेतली, तरच नसबंदीसाठी ठरावीक रक्कम मिळू शकते.

म्हणून शस्त्रक्रिया टाळावी असे मात्र मुळीच नाही. नसबंदी न झालेल्या मादीच्या गर्भाशयात माजानंतर काही आठवड्यांनी पू होऊ शकतो. ती सारखी पाणी पिते, अन्नाला तोंड लावत नाही, कधी घाण वासाचा स्राव दिसतो. मग तातडीने पोट उघडावे लागते. जीवही जातो.

श्वानपालकांनो, पैसे आधीच बाजूला ठेवा, आणि सही करण्यापूर्वी पॉलिसीतले अपवाद स्वतः वाचा.

— एक श्वानपालक, पुणे