मतभेदाला जागा नसलेला पक्ष

१५ ऑक्टोबर २०२५ रोजी गडचिरोली येथे मल्लोजुला वेणुगोपाल राव ऊर्फ भूपती यांनी साठ सहकाऱ्यांसह मुख्यमंत्र्यांसमोर शस्त्रे खाली ठेवली. भारतीय कम्युनिस्ट पक्ष (माओवादी) या पक्षाच्या पॉलिट ब्युरोचे हे सभासद चार दशके भूमिगत होते. त्याच वर्षी २१ मे रोजी पक्षाचे सरचिटणीस नंबाला केशव राव अबुझमाडच्या जंगलात मारले गेले होते. सप्टेंबरमध्ये सशस्त्र लढा थांबविण्याची तयारी दर्शविणारे निवेदन पक्षाच्या नावाने निघाले आणि तेलंगणातील समितीने ‘हे एका व्यक्तीचे मत आहे’ असे सांगून ते झिडकारले. पुढे भूपती यांनी शस्त्रे ठेवली तेव्हा कालपर्यंतच्या सोबत्यांनी त्यांना द्रोही ठरविले.

सरकारपक्षाने या घटनेत आपल्या बंदुकीचा विजय पाहिला, तर पक्षाच्या शहरी सहानुभूतीदारांनी तिला फितुरी म्हटले. परंतु ज्याने या चळवळीचा साठ वर्षांचा इतिहास डोळसपणे वाचला आहे, त्याला यात काहीच नवे दिसणार नाही. या पक्षात मतभेद आणि द्रोह यांत कधीच अंतर नव्हते. तो पोलिसांच्या गोळ्यांनी जितका खचला, तितकाच या एका दोषाने फुटत गेला. आणि हा दोष त्याच्या स्थापनेतच होता.

प्रश्न खरा होता

प्रथम एक गोष्ट निःसंदिग्धपणे सांगितली पाहिजे. नक्षलबाडीचा प्रश्न कोणा माथेफिरूच्या डोक्यातून निघालेला नव्हता. दार्जिलिंग जिल्ह्यातील नक्षलबाडी, खडीबाडी आणि फांसीदेवा या तीन ठाण्यांच्या टापूत जोतदाराची जमीन कसणारा अधियार पिकाचा अर्धा वाटा मालकाच्या खळ्यावर टाकीत असे. उरलेल्यातून बियाण्याचे आणि पोटाचे कर्ज फेडल्यावर पुढच्या हंगामापर्यंत त्याच्या घरात दाणा उरत नसे. १९५३ च्या कायद्याने शेतजमिनीला पंचवीस एकरांची मर्यादा घातली. पण बेनामी नावांच्या आडोशाने ती कागदावरच राहिली. १९४६-४७ च्या तेभागा लढ्यात बंगालच्या शेतकऱ्याने पिकाचा दोन तृतीयांश वाटा मागितला होता. चारू मजुमदार यांनी त्या लढ्यात भाग घेतला होता. कानू सन्याल आणि जंगल संथाळ यांनी या टापूत वर्षानुवर्षे पायपीट करून किसान सभा बांधली होती.

मार्च १९६७ मध्ये पश्चिम बंगालात संयुक्त आघाडीचे सरकार आले आणि भूमिहीनांना वाटले की आता जमीन मिळेल. त्यांनी जमिनी ताब्यात घेण्यास सुरुवात केली. २४ मे रोजी झालेल्या संघर्षात एक पोलीस निरीक्षक मारला गेला. दुसऱ्या दिवशी प्रसादुजोत येथे पोलिसांनी गोळीबार करून अकरा माणसे मारली. त्यांत बहुतेक स्त्रिया होत्या आणि दोन लहान मुले होती. ज्या मंत्रिमंडळात मार्क्सवादी कम्युनिस्ट मंत्री बसले होते, त्याच मंत्रिमंडळाच्या पोलिसांनी हा गोळीबार केला. या घटनेने देशभरच्या तरुण कम्युनिस्टांचे मन आपल्या पक्षावरून उडाले, यात नवल ते काय?

पण येथेच एक भेद लक्षात ठेवला पाहिजे. नक्षलबाडीत जे उभे राहिले ते किसान सभेच्या बळावर उभे राहिले. परिषदा उघड भरल्या, ठराव उघड झाले, हजारो शेतकरी त्यांत सामील झाले. पुढे जो पक्ष नक्षलबाडीचे नाव लावून जन्माला आला, त्याने याच जनसंघटनेला दुरुस्तीवादाचे घर म्हणून टाकून दिले. कानू सन्याल यांनी तुरुंगातून सुटल्यावर ही गोष्ट आयुष्यभर सांगितली, परंतु तोवर फार उशीर झाला होता.

जन्माआधीच फूट

५ जुलै १९६७ रोजी पेकिंगच्या ‘पीपल्स डेली’ने ‘भारतावर वसंताचा मेघगर्जनानाद’ अशा आशयाचा अग्रलेख लिहिला. एका कोपऱ्यातील, काही महिन्यांत दडपला गेलेला लढा त्यामुळे एकाएकी आंतरराष्ट्रीय क्रांतीचा भाग ठरला. त्या प्रशस्तिपत्राची नशा मोठी होती. देशभरच्या बंडखोर गटांना एकत्र आणण्यासाठी समन्वय समिती स्थापन झाली. पण समन्वय म्हणजे भिन्न मतांना एकत्र बसविणे, हे तिच्या चालकांना मान्य नव्हते. आंध्रातील तरिमेला नागी रेड्डी आणि त्यांचे सहकारी म्हणत होते की जमीन, जंगल आणि मजुरी या प्रश्नांवर लोकांना आधी संघटित करावे. शस्त्राची वेळ त्या लढ्याच्या रक्षणासाठी येईल तेव्हा येईल. फेब्रुवारी १९६९ मध्ये त्यांना समितीबाहेर काढण्यात आले. बंगालमधील ‘दक्षिण देश’ गटही बाहेर राहिला. पुढे त्याचे माओवादी कम्युनिस्ट केंद्र झाले.

यानंतर २२ एप्रिल १९६९ रोजी भारतीय कम्युनिस्ट पक्ष (मार्क्सवादी-लेनिनवादी) स्थापन झाला आणि १ मे रोजी कलकत्त्याच्या मैदानावर कानू सन्याल यांनी त्याची घोषणा केली. म्हणजे पक्षाची पहिली फूट पक्षाच्या जन्माआधीची आहे. पक्ष आधी झाला आणि त्याचे अधिवेशन वर्षभराने, मे १९७० मध्ये, गुप्तपणे भरले. ‘चीनचे अध्यक्ष आमचे अध्यक्ष’ ही घोषणा भिंतींवर रंगविली गेली. ज्या देशातील शेतमजुराच्या नावाने हा खटाटोप होता, त्याला हा अध्यक्ष कोणी निवडला, हे विचारण्याची सोय नव्हती.

अर्थशास्त्राच्या कसोटीवर तर हा सिद्धान्त क्षणभरही टिकत नव्हता. भारत अर्धसरंजामी आणि अर्धवसाहतिक आहे, सबब चीनचा मार्ग हाच आपला मार्ग, असे समीकरण मांडले गेले. परंतु चीनच्या खेड्यांत लाल सत्ता का टिकू शकते, याचे कारण खुद्द माओने १९२८ मध्येच दिले होते: तेथील सत्ताधारी आपसात फाटलेले आहेत, सरदारांची युद्धे चालू आहेत, म्हणून त्यांच्या भेगांतून तळ उभे राहू शकतात. १९६७ च्या भारतात एक सैन्य, एक चलन आणि खेड्याच्या जवळ पोहोचलेली आगगाडी होती. देशी भांडवलाचे स्वतःचे कारखाने होते. चार सार्वत्रिक निवडणुका पार पडल्या होत्या, आणि चौथीत अनेक राज्यांतील काँग्रेसची सत्ता मतपेटीने उलथली होती. माओच्या नावाने शपथ घेणाऱ्यांनी माओचे विश्लेषण वाचले नाही. त्याचा पुतळा तेवढा पुजला.

खातम्याची नीती आणि तिचे फळ

वर्गशत्रूचा खातमा ही नीती या पक्षाने स्वीकारली, तेव्हा त्याच्या अंतर्गत लोकशाहीचा उरलासुरला श्वासही कोंडला गेला. चार-पाच जणांचे गुप्त पथक रात्री येणार, जमीनदाराला अथवा सावकाराला मारणार आणि पहाटेपूर्वी निघून जाणार. सकाळी पोलीस येत. त्यांच्या लाठ्या ज्यांच्या पाठीवर पडत, त्यांना रात्रीचा निर्णय कोणी विचारलेला नसे. श्रीकाकुलमच्या डोंगरांत गिरिजनांची वर्षानुवर्षांची संघटना होती; १० जुलै १९७० रोजी वेंपटापु सत्यनारायण आणि आदिभट्ल कैलासम हे तिचे दोन्ही नेते मारले गेले आणि ती संघटना विस्कटली.

कलकत्त्यात तर या नीतीचे विडंबनच झाले. वर्गशत्रू म्हणून जे मारले गेले त्यांत चौकातले वाहतूक पोलीस होते, फाटक्या संसाराचे शिपाई होते आणि शेजारच्या गल्लीतले मार्क्सवादी कार्यकर्ते होते. मार्क्सवाद्यांनीही यांची माणसे मारली. विद्यासागरांच्या पुतळ्याचे मस्तक उडविले गेले. विधवांच्या पुनर्विवाहासाठी आणि मुलींच्या शिक्षणासाठी झिजलेला हा माणूस कोणत्या वर्गाचा शत्रू होता? पक्षातील ज्येष्ठ सुशीतल रायचौधुरी यांनी या पुतळेफोडीला विरोध केला. ते एकाकी पडले आणि मार्च १९७१ मध्ये त्यांचा मृत्यू झाला.

राज्यसत्तेचे हातही स्वच्छ नव्हते. ऑगस्ट १९७१ मध्ये काशीपूर-बारानगर भागात तरुणांना घराघरांतून ओढून मारण्यात आले आणि पोलीस पाहत राहिले. त्याच महिन्यात पक्षाचे नेते सरोज दत्त यांना पोलीस घेऊन गेले. ते पुन्हा कोणाला दिसले नाहीत. हे गुन्हे लोकशाहीच्या नावाने झाले. त्यांचा हिशेब अद्याप कोणी दिलेला नाही.

पक्षाच्या अंतर्गत वृत्तीवर सर्वांत विदारक प्रकाश टाकणारी घटना मात्र पेकिंगची आहे. १९७० मध्ये सौरेन बोस गुप्तपणे चीनला गेले. तेथे चाऊ एन लाय आणि कांग शेंग यांनी खातम्याच्या नीतीवर आणि ‘चीनचे अध्यक्ष आमचे अध्यक्ष’ या घोषणेवरही टीका केली. ज्या दरबाराच्या आज्ञेवर पक्ष उभा होता, त्या दरबारानेच कान उपटले. ती टीका सामान्य कार्यकर्त्यांपासून दडवून ठेवण्यात आली. १९७२ मध्ये तुरुंगातील सहा नेत्यांनी पत्र लिहून तिला वाचा फोडली. दरम्यानच्या दोन वर्षांत किती तरुण त्या रद्द ठरलेल्या घोषणेसाठी मेले, याची मोजदाद कोण करणार?

नोव्हेंबर १९७१ मध्ये बिहारचे सत्यनारायण सिंग आणि त्यांचे सहकारी वेगळे झाले. पूर्व बंगालच्या मुक्तियुद्धाकडे कसे पाहावे यावरून असीम चटर्जी दुरावले. १६ जुलै १९७२ रोजी मजुमदार पकडले गेले आणि २८ जुलैला पोलिसांच्या ताब्यात असतानाच मरण पावले. पुढे लिन पियाओ द्रोही की क्रांतिकारक, या चीनच्या घरातील भांडणावरून भारतातले गट पुन्हा फुटले. बिहार-बंगालच्या ज्या भूमिहीनाच्या खोपटासाठी हा पक्ष निघाला होता, त्याने लिन पियाओचे नावही ऐकलेले नव्हते.

दोन वाटा

कोणी म्हणेल की दडपशाहीमुळे पक्ष फुटला. दडपशाही सर्वांवरच होती. विनोद मिश्र यांच्या ‘लिबरेशन’ गटानेही तिचे तडाखे सोसले. पण त्याने आपली चूक तपासली. १९८२ मध्ये इंडियन पीपल्स फ्रंट काढला, १९८९ मध्ये आरा येथून लोकसभेची जागा जिंकली आणि १९९२ मध्ये पक्ष उघड केला. २०२० च्या बिहार विधानसभा निवडणुकीत त्याचे बारा उमेदवार निवडून आले. जागा येतात आणि जातात. परंतु ज्या दलित मजुराला मतदानकेंद्रावर जाऊ दिले जात नव्हते, तो तेथे ताठ मानेने उभा राहिला, ही कमाई जाण्यासारखी नाही.

दुसरी वाट कोंडपल्ली सीतारामय्या यांच्या पीपल्स वॉरची. १९८० मध्ये स्थापन झालेल्या या पक्षाने पुढे आपल्या संस्थापकालाच बाहेर काढले. बिहारात पार्टी युनिटी आणि माओवादी कम्युनिस्ट केंद्र हे दोन गट वर्षानुवर्षे एकमेकांची माणसे मारीत होते. पार्टी युनिटी १९९८ मध्ये पीपल्स वॉरमध्ये सामील झाली आणि २००४ मध्ये हे सर्व एका झेंड्याखाली आले. पण एकत्र आले म्हणजे चर्चा करू लागले असे नव्हे. २०२५ च्या घटनांनी ते सिद्ध केले.

समाजवादी चळवळही कमी फुटली नाही. तिच्या फुटींचा पाढा वाचायला बसले तर लाज वाटावी. परंतु तेथे अल्पमतात गेलेला माणूस दुसऱ्या दिवशी जिवंत असे, सभा घेई, लेख लिही आणि कधी कधी बरोबरही ठरे. मतभेद उघड मांडता येतो, तेथे फूट सांधण्याची शक्यता शिल्लक राहते. जेथे मतभेदाची शिक्षा मृत्यू आहे, तेथे माणूस गप्प बसतो किंवा पळतो. तिसरा मार्ग नसतो.

जमीन कोणी दिली?

अखेरचा प्रश्न लाभाचा आहे. नक्षलबाडीच्या अधियाराला जे हवे होते त्यातील काही भाग १९७८ नंतर ‘ऑपरेशन बर्गा’ने दिला, सुमारे चौदा लाख बर्गादारांची नावे सरकारी दप्तरात चढली. ते नक्षलबाडीच्या धक्क्याशिवाय झाले असते असे कोणी म्हणणार नाही. पण ती नावे गावात भरलेल्या उघड बैठकांतून चढली, हेही विसरता येणार नाही.

महाराष्ट्राने याहून बोलके उदाहरण पाहिले आहे. गडचिरोलीच्या जंगलात दलमने तेंदूपत्त्याच्या मजुरीसाठी ठेकेदारांना धाक घातला, मजुरी वाढली, हे खरे. पण त्याच दलमने खबरे ठरवून कित्येक आदिवासींना गावासमोर मारले. त्याच जिल्ह्यात मेंढा (लेखा) या गोंड गावाने एकही गोळी न झाडता, सर्वांचे एकमत होईपर्यंत ग्रामसभेत बोलत राहून, २००९ मध्ये आपल्या जंगलावरचा सामूहिक हक्क मिळविला आणि २०११ मध्ये आपला बांबू आपण विकला. ज्या पक्षाला स्वतःच्या समितीत दोन मते चालत नव्हती, त्याला या गावाकडून शिकण्यासारखे पुष्कळ होते.

पण सरकारलाही या गावाकडूनच शिकावे लागेल. बंदुका खाली ठेवल्या गेल्या म्हणून जमिनीचा आणि जंगलाचा प्रश्न खाली ठेवला गेला नाही. सुरजागडच्या डोंगरातून लोहखनिजाचे ट्रक निघतच आहेत. १९९६ च्या पेसा कायद्याने आणि २००६ च्या वनहक्क कायद्याने ग्रामसभेला जो शब्द दिला, तो पाळायचा की नाही, हे आता मुंबईत आणि दिल्लीत ठरणार आहे. आजवर ग्रामसभेने ‘नाही’ म्हटले की तिच्यामागे नक्षलवादी आहेत असे सांगण्याची सोय होती. ती सोय आता संपत आली आहे. उद्या गावाच्या नकाराला पुन्हा द्रोहच म्हटले गेले, तर मतभेदाला जागा नसलेला पक्ष जंगलातून गेला आणि तीच वृत्ती मंत्रालयात शिल्लक राहिली, असेच म्हणावे लागेल.