तीन देश पाहिले, पण धंदा पाहिला का?

आमच्या बाजारपेठांतून हल्ली टूरवाल्यांची पत्रके फार फिरू लागली आहेत. 'समरकंद, फरगाना, ओश : तीन देश, दहा दिवस, लहान ग्रुप, सोबत गाईड.' पूर्वी आमच्या लोकांचा परदेश म्हणजे हज-उमरा किंवा नोकरीसाठी आखात. आता गाठीला चार पैसे असलेला व्यापारी मध्य आशियाकडे निघाला आहे, ही चांगलीच गोष्ट आहे. पण परत आल्यावर त्याच्याशी बोलायला बसावे तर काय ऐकू येते? निळे घुमट फार सुंदर, पुलाव जरा तेलकट, हवा छान. बॅगेतून चार टोप्या, दोन चाकू आणि किलोभर मनुका निघतात. तिथला कारागीर सूत कुठून आणतो, दुकानदार माल रोखीने घेतो की उधारीने, भाव कोण ठरवतो, असे विचारले की उत्तर नसते.

जो माणूस सुरतेला किंवा भिवंडीला गेला तर चार तासांत बाजाराची नाडी ओळखतो, तोच परदेशात दहा दिवस डोळ्यांवर पट्टी बांधल्यासारखा का हिंडतो? आमच्या मते दोष त्याचा थोडा आणि सहलीच्या आखणीचा जास्त आहे. ही आखणी तो डोळे मिटून दुसऱ्याच्या हाती सोपवतो. लहान ग्रुपची सहल व्यापाऱ्याला आणि कारागिराला फार मोलाची ठरू शकते. पण दिवसाचा कार्यक्रम त्याने स्वतः ठरवला तरच, एवढेच आमचे म्हणणे आहे.

हे आम्ही अनुभवाने लिहितो. नुकतेच आम्ही नऊ जण या वाटेने जाऊन आलो. आठ दुकानदार आणि एक विणकर. विणकर औरंगाबादचे, म्हणजे आजच्या छत्रपती संभाजीनगरचे. हिमरूच्या मागावर आयुष्य गेलेले बुजुर्ग. त्यांचा खर्च आम्ही आठ जणांनी वाटून घेतला होता. निघताना आमच्यातल्या काहींना तो नसता खर्च वाटला. परतताना कुणालाच वाटला नाही. का, ते पुढे येईलच.

आमची वाट अशी होती : ताश्कंद, समरकंद, तेथून ताजिकिस्तानातील पंजिकंद व खुजंद, पुन्हा उझबेकिस्तानात शिरून कोकंद, रिश्तान आणि मर्गिलान, मग किरगिझस्तानातील ओश आणि शेवटी विमानाने बिश्केक. फरगाना खोरे पाहिले तर एकच आहे. बाबराचा जन्म १४८३ साली याच खोऱ्यातील अंदिजानचा. सोव्हिएत राजवटीने १९२४ पासून त्यावर प्रजासत्ताकांच्या रेषा ओढल्या आणि १९९१ साली त्याच रेषा तीन देशांच्या सरहद्दी झाल्या. रेशीम एकीकडे आणि गिऱ्हाईक दुसरीकडे, अशी गत झाली.

या सरहद्दींचा हिशेब व्यापाऱ्याने आधीच मांडला पाहिजे. समरकंदहून पंजिकंद जेमतेम साठ किलोमीटर. पण मधला नाका २०१० पासून २०१८ पर्यंत बंद होता आणि लोकांना फार मोठा वळसा घालावा लागे. ताजिकिस्तान व किरगिझस्तान यांच्यात २०२१ आणि २०२२ साली सीमेवर गोळीबार होऊन माणसे मेली. त्यांची आपसांतली सीमा जवळजवळ चार वर्षे बंद राहिली. १३ मार्च २०२५ रोजी बिश्केकला दोघांचा सीमाकरार झाला, आणि त्याच महिन्याच्या ३१ तारखेला खुजंद येथे तिन्ही राष्ट्राध्यक्षांनी, तीन सीमा जिथे मिळतात त्या जागेविषयीच्या करारावर सह्या केल्या. म्हणजे आज जी वाट सहलीच्या पत्रकात सरळ दिसते ती काल बंद होती. पैसे भरण्यापूर्वी कोणता नाका खुला आहे, हे विचारून घ्यावे.

दुसरी गोष्ट व्हिसाची. आमच्या वाटेने जाणारा उझबेकिस्तानातून बाहेर पडून पुन्हा आत येतो. त्याला दोन प्रवेशांचा व्हिसा लागतो. आमच्या टूरवाल्याने एका साथीदाराचा व्हिसा एकाच प्रवेशाचा काढून ठेवला होता. निघण्याआधी सर्वांचे कागद एकत्र बसून वाचले म्हणून ते ध्यानात आले. नाही तर त्या भल्या माणसाला खुजंदच्या पुढे नाक्यावरच बसावे लागले असते. कागद दुसऱ्याने काढले तरी वाचायचे आपणच.

प्रत्येक नाक्यावर आपली बॅग उचलून पायी पलीकडे जायचे. तिकडे नवी गाडी, नवा चालक, नवा गाईड. चलनही बदलते. उझबेकिस्तानात सोम, ताजिकिस्तानात सोमोनी आणि किरगिझस्तानात पुन्हा सोम. नाव तेच, पण पैसा वेगळा. चाळीस जणांची बस असती तर अर्धा दिवस नाक्यावरच गेला असता. लहान ग्रुपचा पहिला फायदा हा. दुसरा त्याहून मोठा आहे. चाळीस माणसे कारखान्यात घुसली तर कारागीर फक्त विकू शकतो. नऊ माणसे आली तर तो दाखवतो, बसवतो, चहा देतो, हातात सूत देतो.

पण हा फायदा आम्हांला आयता मिळाला नाही. पहिल्याच दिवशी गाईडने आम्हांला एका मोठ्या गालिच्यांच्या दुकानात नेऊन दोन तास बसवले. चहा, सुकामेवा, गोड बोलणे सगळे झाले. दुकानदारीत केस पांढरे झालेल्या माणसांना त्यातले कमिशन ओळखायला वेळ लागत नाही. त्यात गाईडचा एकट्याचा दोष नाही. सहल स्वस्त विकली की खाली गेलेला पैसा कुठून तरी वर यावाच लागतो, आणि तो गिऱ्हाइकाच्या वेळेतून वर येतो. त्या रात्री आम्ही गाईडला बसवून साफ सांगितले : बेटा, दुकानांचे जे काही असेल ते आम्ही आपसांत वर्गणी काढून तुझ्या हातात देतो, आम्हांला कारखाने दाखव. तेव्हापासून तोच पोरगा जीव तोडून धावला.

समरकंदबाहेर कोनिगिल गावी तुतीच्या सालीपासून हातकागद बनतो. साल उकळतात, पाण्याच्या चाकावर चालणाऱ्या लाकडी मुसळांनी कुटतात, जाळीवर ताव उचलतात, वाळवून गुळगुळीत दगडाने घोटतात. गिरणीच्या कागदापुढे ही कला बंद पडली होती. १९९० च्या दशकात ती पुन्हा उभी केली गेली. आज पाहुण्याला प्रत्येक पायरी दाखवतात आणि शेवटी त्याच कागदाच्या वह्या, पिशव्या, बाहुल्याही विकतात. पाहणाऱ्याला किंमत सांगावी लागत नाही, ती त्याला आधीच पटलेली असते.

खुजंदचा मोठा बाजार पंजशंबे या नावाने चालतो. पंजशंबे म्हणजे जुमेरात. ताजिक भाषा फारसीच असल्यामुळे दुकान, जरगर, कागद हे शब्द आमच्या ओळखीचे निघाले. शेख मुस्लिहुद्दीन यांच्या मजारीसमोर हा बाजार भरतो आणि तिथे दळलेल्या मसाल्यापेक्षा आख्ख्या मसाल्याचे ढीग मोठे. गिऱ्हाईक वास घेऊन, चावून पाहून घेते. भेसळीवर याहून स्वस्त इलाज नाही.

रिश्तानला कुंभाराचे घर हेच दुकान आणि तीच शाळा. तिथलीच लाल माती, आणि वनस्पतींच्या राखेपासून केलेली इश्कोर नावाची निळसर झिलई. अंगणात चाक, मागे भट्टी, पुढे मालाची खोली. मुलगा चाकावर, सून कुंचल्यावर. आमचे भांडीवाले साथीदार तासभर फुटक्या मालाच्या ढिगापाशीच उभे होते. ते म्हणाले, भट्टीतून किती फुटते हे कळले की भाव का असा, ते समजते.

आणि मर्गिलान. इथे अतलस आणि अद्रस ही रेशमी वस्त्रे विणतात. विणण्याआधीच ताण्याचे धागे बांधून रंगवतात. त्याला अब्रबंदी म्हणतात, म्हणजे ढग बांधणे. अतलस पूर्ण रेशमाचे. अद्रसचा ताणा रेशमाचा आणि बाणा सुताचा. गाईड आम्हांला रंगांचे कौतुक सांगत होता. आमच्या बुजुर्गांनी कापड उलटे केले, पाठीवर अंगठा फिरवला आणि म्हणाले, "भाई, हा तर आपला मशरू!" खरेच होते. मशरूचेही तेच, रेशीम बाहेर, सूत अंगाला. पुरुषाच्या अंगाला निव्वळ रेशीम लागू नये म्हणून निघालेले कापड, आणि नावाचा अर्थच 'शरीअतने मुभा दिलेले'. आम्ही आठ दुकानदारांनी रंग पाहिला. ताणा एकट्या विणकराने पाहिला.

मग ते मागावर बसलेल्या बाईंशी बोलू लागले. गाईड दुभाषी. एका तासाला किती वीत होते? धागा तुटला तर गाठ कशी मारता? हप्ता मिळतो की गजावर? कार्यक्रमात मर्गिलानला चाळीस मिनिटे लिहिली होती. आम्ही अर्धा दिवस राहिलो आणि एक किल्ला पाहायचा सोडला. मर्गिलानच्या कारागिरी विकास केंद्राला २०१७ साली युनेस्कोने परंपरा जपण्याच्या चांगल्या उदाहरणांच्या यादीत घेतले आहे. पण यादीने कापड विकले जात नाही. तिथे शिकाऊ मुले-मुली मागावर दिसली आणि पाहुणे दारात दिसले, तेव्हा कुठे माग चालतो. परतताना गाडीत बुजुर्ग बराच वेळ गप्प होते. मग एवढेच म्हणाले, "आमच्याकडे शिकायला पोरगा येत नाही. इथे येतो, कारण कुणी तरी पाहायला येते."

शेवटचा मुक्काम बिश्केक. तिथला दोरदोई बाजार जहाजाच्या लोखंडी कंटेनरांचा आहे. एकावर एक दोन ठेवलेले, खाली दुकान, वर गोदाम. १९९२ च्या सुमारास तो सुरू झाला. किरगिझस्तान १९९८ साली जागतिक व्यापार संघटनेत गेला, जकात कमी राहिली आणि चिनी माल इथे उतरून शेजारच्या देशांत जाऊ लागला. २०१५ साली देश रशिया-कझाकस्तानच्या युरेशियन आर्थिक संघात सामील झाला आणि जकातीचे गणित बदलले. नुसता माल फिरवण्यातला नफा आटला. पण बिश्केकमध्ये शिवणकामाचे कारखाने वाढले होते, ते रशियाला कपडे पाठवतात. जकातीच्या फरकावर उभा असलेला धंदा एका सहीने हलतो, हाताच्या कसबावर उभा असलेला तग धरतो. मालेगाव, भिवंडीच्या बांधवांनी यावर जरूर विचार करावा.

कुणी म्हणेल, एवढे करायचे तर सहल कशाला, माल मोबाइलवर दिसतो. दिसतो, पण कापडाची पाठ मोबाइलवर दिसत नाही. कुणी म्हणेल, घरच्यांना घेऊन चार दिवस विसावा घ्यायला जातो, तिथेही धंदाच का? जरूर विसावा घ्यावा. दहातले तीन दिवस धंद्याला दिले तरी पुष्कळ झाले. आणि घरच्या बायकांनाही कारखान्यात न्यावे. आमच्या कितीतरी घरांत जरीचे आणि भरतकामाचे खरे कसब त्यांच्याच हातात आहे.

आमच्या सूचना थोडक्यात अशा. आठ ते बारा जणांचा ग्रुप आपणच जमवावा, शक्यतो जवळच्या धंद्यांचा. कार्यक्रम लेखी घ्यावा आणि प्रत्येक कारखान्यापुढे वेळ लिहून घ्यावी. ठरवून नेल्या जाणाऱ्या दुकानांना आधीच नकार द्यावा आणि गाईडचा मोबदला उघडपणे ठरवावा. नमुना म्हणून एखादी वस्तू आणणे वेगळे. विक्रीसाठी माल आणायचा असेल तर आयात-निर्यातीचा परवाना क्रमांक काढून, जकात भरून रीतसर आणावा, प्रवाशाच्या बॅगेत लपवून नव्हे. आणि प्रत्येक ग्रुपने एक कारागीर आपल्या खर्चाने न्यावा. हे दान समजू नये. त्याच्या डोळ्यांशिवाय आम्ही अर्धीच सहल पाहिली असती.

एक गोष्ट राहते. दौलताबादजवळ कागजीपुरा आहे. हातकागदाचे जुने गाव. औरंगाबादेत हिमरूचे माग अजून आहेत. पाणचक्कीत ज्यांची मजार आहे ते बाबा शाह मुसाफिर बुखारा प्रांतातून आले होते. वेरूळला जाणाऱ्या गाड्या रोज याच भागातून धावतात. त्यांतल्या लहान ग्रुपांना थांबवायला काय लागते? स्वच्छ अंगण, चालू माग, एक बोलका पोरगा, लिहून लावलेला भाव आणि एक कप चहा. कोनिगिलला याहून जास्त काही नव्हते. परदेशात पाहुणे होऊन आम्ही जे शिकलो, ते आता आपल्या दारात यजमान होऊन करून दाखवण्याची वेळ आहे. आमच्या बुजुर्गांनी परत आल्यावर मागाची खोली धुऊन घेतली आहे आणि दारावर भावाची पाटी लावली आहे. पुढचा ग्रुप तिथे नेण्याचे काम आम्हा दुकानदारांचे.