लहान मेंदूचा कासरा



उरण तालुक्यात करंजा गावाजवळ द्रोणागिरीचा डोंगर आहे. मारुतीराया संजीवनीचा डोंगर घेऊन चालला असता त्याचा एक तुकडा इथे पडला, असे जुनी माणसे सांगतात. डोंगर हातावर घेऊन तोल सांभाळणे मारुतीलाच जमावे! पण थोडेफार तेच काम आपल्या मायबहिणी रोज करतात. डोक्यावर हंडा, कडेवर मूल, पायाखाली खाचराचा निसरडा बांध, तरी पाऊल चुकत नाही. हा तोल सांभाळतो डोक्याच्या मागच्या बाजूला, मानेच्या वर असलेला लहान मेंदू.

वजनाने तो साऱ्या मेंदूच्या दहाव्या हिश्श्याएवढा, पण मेंदूतल्या निम्म्याहून अधिक मज्जापेशी त्याच्यात असतात. बळ बैलांचे असले तरी तास सरळ निघतो तो कासरा धरणाऱ्यामुळे. लहान मेंदूचे काम तसेच आहे. तो बिघडला की हातापायांत ताकद असूनही माणूस पाय फाकून, झोकांड्या देत चालतो. घास तोंडाकडे नेताना हात थरथरतो, बटण लागत नाही, जीभ जड होते.

आणि इथेच घात होतो. गाव म्हणते, "पिऊन आलाय!" कोणी म्हणते, बाहेरचे लागले. ज्याने कधी थेंब घेतला नाही, तो बिचारा लाजेने घराबाहेर पडेनासा होतो.

मुंबईच्या जे. जे. रुग्णालयातले नामवंत मेंदूतज्ज्ञ डॉ. नोशीर वाडिया यांनी १९७१ साली डॉ. स्वामी यांच्यासह अशा नऊ कुटुंबांची हकीकत प्रसिद्ध केली. या घरांत पिढ्यान्‌पिढ्या तोल जाण्याचा आजार होता आणि रोग्यांची नजर फार सावकाश फिरे. पुढे १९९६ साली परदेशातल्या शास्त्रज्ञांना या आजाराचे मूळ रक्ताच्या वारशात सापडले. आईबापांपैकी एकाला तो असेल, तर प्रत्येक अपत्याला तो येण्याची शक्यता निम्मी असते. मुलगा-मुलगी असा भेद नाही. तेव्हा घराण्याला शाप आहे म्हणून सुनेला बोल लावू नका, आणि सोयरीक जुळवताना आजार लपवूही नका. आता रक्ताच्या तपासणीने निदान होते. आजार मुळासकट घालवणारे औषध अजून नाही, पण व्यायामाने चालणे-बोलणे सावरता येते.

मात्र सगळेच दुखणे वारशाचे नसते. वर्षानुवर्षांची दारू लहान मेंदू खरोखरच झिजवते. फिट्सच्या काही गोळ्यांचे प्रमाण जास्त झाले, तरी झोक जातो. अशा वेळी गोळी आपल्या मनाने बंद करू नये, डॉक्टरांकडून प्रमाण ठरवून घ्यावे. उन्हाच्या झटक्याने याच पेशी दगावतात, म्हणून भर दुपारी काम टाळावे. जीवनसत्त्वांची उणीव किंवा थायरॉइडचा बिघाड वेळीच कळला, तर उपचार होऊ शकतो. कांजिण्यांनंतर एखादे मूल लटपटू लागते. ते बहुधा काही आठवड्यांत सावरते, पण डॉक्टरांना दाखवावेच.

एक गोष्ट घरच्यांनी विशेष ध्यानात ठेवावी. हा मेंदू नुसते हातपाय सांभाळत नाही. १९९८ साली बोस्टनच्या डॉ. श्माहमन आणि डॉ. शर्मन यांनी दाखवून दिले, की तो बिघडला तर कामाची आखणी जमत नाही, शब्द चटकन सुचत नाहीत, स्वभावही पालटतो. बी-बियाण्यांचा हिशेब तोंडपाठ असलेला बाप गोंधळू लागला, उगाच चिडू लागला, तर त्याला हट्टी म्हणू नका. तोही दुखण्याचाच भाग असू शकतो.

घरी एवढे पाहा. बोटाने आधी स्वतःचे नाक, मग तुमचे बोट शिवायला सांगा. टाचेला पंजा लावून सरळ रेषेत चालायला सांगा, शेजारी उभे राहून. चुकत असेल, तर डॉक्टरांना दाखवा. आणि एकाएकी भोवळ, ओकारी, डोक्यात कळ येऊन उभे राहता येईना, तर सकाळची वाट पाहू नका. मेंदूतली गुठळी विरघळवण्याचे इंजेक्शन साडेचार तासांच्या आतच देता येते.

जानेवारी २०२४ पासून उरणपर्यंत लोकल धावते आणि ती सुरू झाली तेव्हा वाटेत द्रोणागिरी नावाचे स्टेशनही होते. संजीवनी कोणी दारात आणून देणार नाही, आपणच दवाखान्यापर्यंत पोचले पाहिजे. घरात कोणाचे पाऊल लटपटू लागले, तर तोंडाचा वास घेण्याआधी त्याचा हात धरा.