परतीचा वारा

गेल्या आठवड्यात भाच्याचा मेसेज आला. "मामा, रविवारी दुपारी ९ नॉट दाखवतंय. मस्त वारा आहे. डिंगी काढूया?"

तो ९ चा आकडा वाचला आणि पोटात किंचित कालवलं. कारण दोन वर्षांपूर्वीच्या एप्रिलमध्ये फोनने आम्हाला हाच आकडा दाखवला होता.

९ नॉट म्हणजे ताशी सतरा किलोमीटरच्या आतबाहेर. नवशिक्याला शीड शिकायला याहून चांगला वारा नाही. आमची डिंगी चार मीटरची, मागे मोठं शीड, पुढे छोटं जिब, माणसं दोन. कुलाब्याच्या पूर्वेकडच्या, म्हणजे बंदराच्या अंगाला असलेल्या किनाऱ्यावरून आम्ही निघालो. दुपारचे दोन वाजले होते. धक्क्याजवळ पाणी तेल ओतल्यासारखं शांत. लांबवर पाहिलं, पांढऱ्या लाटा फारशा दिसत नव्हत्या. भाचा तेव्हा चौदा वर्षांचा. तो तर म्हणाला, "मामा, वारा कमीच आहे की!"

वारा पाठीशी घेऊन आम्ही गप्पा मारत उरणच्या दिशेने चांगले किलोमीटरभर गेलो. मग परत फिरायला सुकाणू वळवलं, आणि तो मघाचा गोड वारा एकदम अंगावर आला. पहिल्याच झोतात आम्ही उलटलो. होडी सरळ केली, पुन्हा उलटलो. तिसऱ्यांदा उलटलो तेव्हा भाच्याच्या हातात दोरी धरायचीही ताकद उरली नव्हती. लाइफ जॅकेटं होती, पाणी गार नव्हतं. पण प्रत्येक खेपेला धक्का आणखी लांब दिसत होता, आणि मोठ्या जहाजांची वाट आणखी जवळ. शेवटी क्लबची मोटरबोट आली आणि तिने आम्हाला ओढत आणलं. माझ्या बहिणीला यातलं अर्धंच माहीत आहे. असो.

धक्क्यावर क्लबचे म्हातारे तांडेल उभे होते. ते रागावले नाहीत. एवढंच म्हणाले, "साहेब, पाठचा वारा गोडच लागतो. जाताना परतीचा वारा बघायचा असतो."

तेव्हापासून माझं ठाम मत झालंय की "वारा किती आहे?" हा प्रश्नच अपुरा आहे. खरा प्रश्न असा, की हा वारा मला परत येऊ देईल का? आणि त्याचं उत्तर फोनवरच्या एका आकड्यात नसतं.

साधा हिशेब बघा. वारा १२ नॉटचा आहे आणि तुम्ही त्याच्याच दिशेने ४ नॉटने चालला आहात. अंगाला लागतो फक्त ८ नॉटचा. वळून, वाऱ्याला पंचेचाळीस अंशांनी तिरकं धरून त्याच वेगाने परत येऊ लागलात की तोच वारा १५ नॉटचा लागतो. शिडावरचा जोर वाऱ्याच्या वर्गाच्या प्रमाणात वाढतो, म्हणजे जवळजवळ साडेतीनपट! वारा तेवढाच आहे, बदलली आहे ती फक्त तुमची दिशा. शिवाय वाऱ्याच्या समोर होडी सरळ चालत नाही, नागमोडी यावं लागतं. जाताना एक किलोमीटर असलेली वाट येताना सुमारे १.४ किलोमीटर होते. आणि त्यात ओहोटी लागली असेल तर विचारूच नका.

शाळेच्या भूगोलात आपण खारे वारे आणि मतलई वारे घोकले होते. दिवसा समुद्रावरून जमिनीकडे, रात्री जमिनीवरून समुद्राकडे. पण मुंबईचं बंदर शहराच्या पूर्वेला आहे! दुपारचा पश्चिमेचा खारा वारा अख्खं शहर ओलांडून येतो आणि या किनाऱ्यावरून तुम्हाला आत, पाण्याकडे ढकलतो. धक्क्याजवळचं पाणी शांत होतं, कारण आम्ही इमारतींच्या आडोशाला होतो. लांब लाटा दिसल्या नाहीत, कारण वारा आमच्याकडून तिकडे जात होता आणि आम्हाला लाटांच्या पाठी दिसत होत्या. फुटणारा फेस पलीकडच्या अंगाला होता.

बरं, तो ९ चा आकडाही खोटा नव्हताच. तो सरासरीचा असतो, काही किलोमीटरांच्या चौकटीचा. इमारतींमधून फुटून येणारे झोत त्यात धरलेले नसतात. झोत दीडपट असला तर जोर सव्वादोनपट होतो, आणि होडी उलटते ती झोताने, सरासरीने नव्हे.

म्हणून आता मी धक्क्यावर पंधरा मिनिटं नुसता उभा राहतो. दिशा बघतो. उलटलो आणि होडी सरळ झालीच नाही, तर वारा मला कुठे नेऊन टाकेल? किनाऱ्यावर, की भर बंदरात? पुढच्या दोन तासांत वारा वाढणार की पडणार? ओहोटी कधी? झोत १२ नॉटच्या वर जात असतील तर माझ्यासारख्याने नवशिक्याला घेऊन निघू नये. सोबत मोटरबोट नसेल तर त्याहूनही आधी थांबावं. आणि निघालो तर पहिली वाट वाऱ्याच्या समोरची. कष्टाचं आधी उरकायचं, म्हणजे थकल्यावर वारा घरी आणतो.

यात सगळ्यात अवघड काय असेल तर शीड बांधून झाल्यावर ते पुन्हा सोडणं. रविवार वाया जातो. सोबतचं पोर तोंड पाडतं, शेजारची होडी निघून जाते. खरं सांगायचं तर त्या एप्रिलमध्ये निघताना पहिला झोत मला जाणवला होता. मी वळलो नाही, कारण भाच्यासमोर लाज वाटली. आकड्याला दोष देणं सोपं आहे, पण मला पाण्यात नेलं ते त्या लाजेने. न जाण्याचा निर्णय हाही शीड चालवण्याचाच भाग आहे, हे मला चाळिशी उलटल्यावर कळलं.

भाच्याला मी उत्तर पाठवलं, "९ नॉट कुठून?"

बराच वेळ काही आलं नाही. मग आलं, "पश्चिमेकडून. आणि दुपारनंतर वाढतोय. सकाळी ईशान्येचा आहे, ५ नॉट. तो आपल्याला किनाऱ्याकडेच ढकलेल ना? सातला भेटूया?"

सातला भेटतोय. धक्क्यावर पंधरा मिनिटं उभं राहून मग ठरवू.